प्रेत न सापडण्याची अट

पडद्यावर मरणं हा नटाचा सर्वोच्च सन्मान आहे. आमच्या धंद्यातली सगळी थोर माणसं कधी ना कधी, हातात ग्लास असताना, हे सांगून गेली आहेत. रोजच्या मालिकेत मात्र मरण म्हणजे करार वाढवला नाही, एवढंच.

मी ‘तीन पूल’ या मालिकेचे संवाद लिहायचो. आम्ही अकरा जण लिहायचो. वाक्य चांगलं झालं तर ते नटाचं असायचं आणि वाईट झालं तर आमचं. मालिका घडायची दक्षिण फ्रान्सच्या किनाऱ्यावरच्या मार्तीगमध्ये, आणि चित्रितही तिथंच व्हायची, कालव्याकाठच्या एका जुन्या गोदामात. तिथं पूर्वी खारवलेले मासे ठेवत. दिवे तापले की भिंतींना आपलं पूर्वायुष्य आठवायचं आणि प्रेमाच्या प्रसंगात नायिका नाक मुरडायची. सोमवार ते शुक्रवार, संध्याकाळच्या बातम्यांनंतर, सव्वीस मिनिटं. एकवीस वर्षं हे असं चाललं होतं.

इतकी वर्षं चालणाऱ्या मालिकेतून माणसं बाहेर काढावीच लागतात. सगळ्यात सभ्य रस्ता कॅनडाचा. नटाशी पटेनासं झालं, किंवा त्याला मोठा सिनेमा मिळाला, की त्याच्या पात्राला अचानक माँट्रियालमध्ये नोकरी लागायची. कॅनडातून परत येता यायचं. आमचा औषधवाला चार वर्षांनी दाढी वाढवून आला आणि कुणी त्याला हवापाण्याबद्दलसुद्धा विचारलं नाही. तुरुंगातूनही परत येता यायचं, फक्त थोडं वजन कमी करून. मरणातून नाही. एकदा एक जण जुळा भाऊ म्हणून परतला होता, पण त्यावर प्रेक्षकांची इतकी पत्रं आली की चॅनेलनं लेखी नियमच काढला: संपूर्ण मालिकेत जुळं एकदाच.

मग उरायचा एक रस्ता, आणि जाणकार नट त्याला कॅनडापेक्षाही मानायचे. पाण्यात पडणं, आणि प्रेत न सापडणं. मार्तीगला एका बाजूला खाडी, दुसऱ्या बाजूला समुद्र आणि मधून कालवे. न सापडायला याहून चांगलं गाव नाही.

गिस्लेन व्हेर्नेद या मालिकेत एकोणीस वर्षं सोलांज होती. बंदरावरच्या बारची मालकीण. बावीस वर्षांची असताना गिस्लेननं पहिला सिनेमा केला होता. कृष्णधवल, सेव्हेनच्या डोंगरांतला. त्यात ती दीड तास चेस्टनटच्या रानातून चालते आणि एक शब्द बोलत नाही. समीक्षकांनी तिच्या मौनाबद्दल रकानेच्या रकाने लिहिले. एका महोत्सवात बक्षीसही मिळालं. परिणाम असा झाला की पुढची सहा वर्षं तिच्याकडे फक्त मुक्या बायकांच्या भूमिका आल्या. मुकी जोगीण, मुकी साक्षीदार, बेशुद्ध पडलेली वारसदार. ती म्हणायची, “मला बोलता येतं हे फ्रान्सला कळावं म्हणून मी टीव्हीवर आले.” टीव्हीनं तिला वेगवेगळ्या चार पोलिस अधिकाऱ्यांची बायको केलं. त्यातल्या तिघांनी तिला पहिल्या दहा मिनिटांत गमावलं. अशी ती एकोणचाळिशीला पोचली आणि सोलांज झाली.

सोलांजनं तीन लग्नं केली, एक आग पाहिली, सात आठवडे स्मृती गमावली आणि धाकट्या बहिणीला एक मूत्रपिंड दिलं. ही बहीण म्हणजे नादीन. नादीनचं काम रेजीन तोरेझ करायची. मूत्रपिंडाचा भाग मालिकेच्या इतिहासात सर्वाधिक पाहिला गेला. त्या दिवसापासून या दोघी खऱ्याही बहिणींसारख्या झाल्या. म्हणजे रोज भांडायच्या आणि जेवायला एकाच टेबलावर बसायच्या. रेजीन दोन वर्षांनी लहान. तिच्या घटस्फोटात ती तीन महिने गिस्लेनकडे राहिली. बाजारात मासेवाली गिस्लेनला सोलांज म्हणूनच ओळखायची. काचेच्या गोटीसारखा डोळा असलेला मासा कागदात गुंडाळताना दम द्यायची, “सोलांजबाई, त्या नवऱ्याला परत घरात घेऊ नका हं. आणि बहिणीला सांगा, पाणी भरपूर पी.”

तर एका मार्चमध्ये सगळे गिस्लेनशी फार गोड वागायला लागले. मार्तीगला सकाळी भेटलं की गालाला गाल दोनदा लावतात. त्या आठवड्यात तिला तीनदा लावत होते. तिला वाटलं, परवाच्या भागात आपण जरा बरं रडलो.

आमच्याकडे कुणी जाणार असलं, कुणाचं लग्न असलं, बाळ झालं, की एक मोठं कार्ड आणि एक लिफाफा स्टुडिओभर गुपचूप फिरतो. सगळ्यांनी दोन ओळी लिहायच्या, लिफाफ्यात काहीतरी टाकायचं आणि पुढच्याकडे द्यायचं. पथ्य एकच. ज्याचं कार्ड, त्याच्या हाती ते पडता कामा नये. त्या बुधवारी रंगभूषेच्या खोलीत कार्ड पडलं होतं, आणि ते सांभाळणारी केशभूषाकार बाई बाहेर सिगारेट ओढायला गेली होती. गिस्लेन खुर्चीत बसली. कार्डवर सूर्यास्त होता आणि ‘तुझी आठवण येईल’ असं छापलेलं होतं. नाव नव्हतं. तिला वाटलं, कपडेपटातली जोसेत. जोसेत दोन वर्षांपासून निवृत्त होत होती. गिस्लेननं पेन घेतलं आणि मनापासून लिहिलं: “आता घरी बस, पाय वर कर, आणि या दारात पुन्हा पाऊल टाकू नकोस. खूप केलंस. तुझी गि.” लिफाफ्यात नोट टाकली.

दुसऱ्यांच्या ओळी वाचायच्या नसतात, असा संकेत आहे. त्यामुळे त्या सगळेच वाचतात. तिच्या ओळीच्या अगदी वर हिरव्या शाईत, रेजीनच्या गोल अक्षरात होतं: “सोलांजशिवाय नादीन कशी जगेल?”

केशभूषाकार परत आली तेव्हा गिस्लेन आरशात बघत बसली होती. तिनं कार्ड पुढं केलं आणि विचारलं, “पुढं कुणाकडे द्यायचं?” बाई रडायला लागली. गिस्लेननंच तिला पाणी दिलं.

रेजीनलाही त्या दिवशी रडावं लागलं. तिचं म्हणणं, तिला आधीच्या गुरुवारीच कळलं होतं, निर्मात्यानं तोंड उघडायला बंदी केली होती, आणि गिस्लेनचं मन मोडायची हिंमत तिला झाली नाही. गिस्लेन म्हणाली, मन मोडायचं नव्हतं म्हणून कार्डवर सही केलीस होय. पण संध्याकाळी दोघी एकाच गाडीतून गेल्या. अठ्ठावन्नाव्या वर्षी माणूस नवी बहीण कुठून आणणार.

निर्माता बर्त्रां. त्यानं गिस्लेनला शुक्रवारी कॅन्टीनमध्ये गाठलं. शुक्रवारी आमच्याकडे आयोली असते. उकडलेला मासा, उकडलेल्या भाज्या आणि त्यावर लसूण घोटून केलेलं पिवळं लोण्यासारखं ते प्रकरण. शुक्रवारी दुपारनंतर चुंबनाचं चित्रण ठेवायचं नाही असा आमचा अलिखित कायदा होता. वाईट बातम्या मात्र शुक्रवारीच द्यायच्या. कारण समोरचा फार जवळ येत नाही.

मी शेजारच्या टेबलावर होतो. बर्त्रां म्हणाला की चॅनेलला बार तरुण हवा आहे. गिस्लेन म्हणाली, बार एकोणीस वर्षांचा आहे, अजून किती तरुण पाहिजे. मग तिनं कॅनडा मागितला. त्यानं मान हलवली.

“कॅनडा भरला, गिस्लेन. माँट्रियालमध्ये आपले सात जण झालेत. चॅनेल म्हणतं, वसाहत वसवताय का.”

“मग पाणी दे.”

“पाणी देतो. वादळाची रात्र, मिस्त्राल वारा सुटलाय, तू बोटीचा दोर बांधायला जातेस. सुंदर आहे.”

“आणि प्रेत?”

बर्त्रांनं बटाटा आयोलीत बुडवला, बघितला, आणि पुन्हा बुडवला.

“प्रेत सापडणार नाही,” तो म्हणाला. “माझा शब्द.”

तिला एवढंच हवं होतं. बाकी कशावरही तिनं वाद घातला नाही. ते समजायला आमचा धंदा माहीत पाहिजे. अठ्ठावन्न वर्षांच्या नटीला मरायला लावलं की पुढचे सगळे तिला मेलेलीच समजतात. आणि बेपत्ता असली, तर ज्याला त्याला वाटतं, ही परत येणार असेल, आत्ताच धरून ठेवावी. तिच्या एजंटानंही तेच सांगितलं. बेपत्ता हा शब्द त्याला दोन वर्षं विकता येणार होता. त्यापलीकडे तिला खरंच परत यायचं होतं. कधीतरी, केस पांढरे करून, बारचं दार उघडून. हे तिनं फक्त रेजीनला सांगितलं, आणि रेजीननं मला.

दोन आठवड्यांनी पटकथा आली. वादळ होतं, दोर होता, वारा होता. सदतिसाव्या पानावर मॉर्ग, म्हणजे शवागार होतं. खाडीत मच्छिमारांना एक प्रेत सापडतं. नादीन येते. चादर वर करतात. नादीन म्हणते: “हो. ही माझी बहीण.”

ते वाक्य मी लिहिलं होतं. वरून तसा आदेश होता. बर्त्रांचं म्हणणं पडलं, शब्द त्याचाच होता, पण चॅनेलला शोक हवा होता, आणि प्रेताशिवाय लोक नीट शोक करत नाहीत. गिस्लेन त्याच्या केबिनबाहेर सव्वा तास बसली. तो मागच्या जिन्यानं मार्सेयला गेला.

मग तिला एक युक्ती सुचली. त्यासाठी आमची काम करायची पद्धत समजून घ्यावी लागेल. रोज एक भाग म्हणजे रोज सव्वीस मिनिटं पडद्यावर गेली पाहिजेत. एका प्रसंगाला पाऊण तास. घ्यायचं एकदा, फार तर दुसऱ्यांदा. तिसऱ्यांदा घेणारा दिग्दर्शक आमच्याकडे टिकत नाही. शिवाय मॉर्ग आणि बेकरी एकाच जागेत उभारायचे. दुपारी बारा वाजता मॉर्ग उखडून तिथं भट्टी बसवायची होती. म्हणजे नादीननं दोन्ही वेळा ते वाक्य म्हटलंच नाही, नुसती बघत राहिली, तर बारा वाजता मॉर्ग संपलं. जे हातात आहे ते वापरावं लागणार, आणि पुढचं लेखकांनी निस्तरायचं. असं पूर्वी झालं होतं. एका नटानं घटस्फोटाच्या कागदावर सही करायला ऐन वेळी नकार दिला होता आणि त्याचं लग्न दोन वर्षं जास्त चाललं होतं.

हे सगळं रेजीनच्या गप्प राहण्यावर होतं. गिस्लेननं तिला बंदरावरच्या खऱ्या बारमध्ये विचारलं. मलाही बोलावलं, कारण पुढचं निस्तरणं माझ्याकडे यायचं होतं. रेजीननं पूर्ण ऐकून घेतलं आणि हसली.

“एवढंच ना? अगं, तू मला मूत्रपिंड दिलंयस. मी तुला एक वाक्य देऊ शकत नाही का?”

दोघी बराच वेळ एकमेकींचा हात धरून बसल्या. बिल मी दिलं.

इथं एक गोष्ट सांगायला हवी. लेखकांच्या खोलीत भिंतीवर वर्षाचा तक्ता असतो, प्रत्येक पात्राला एका रंगाची पट्टी. चित्रणाच्या आदल्या संध्याकाळी मी बघितलं तेव्हा नादीनची पट्टी, जी तोपर्यंत बोटभर होती, मे महिन्यापासून थेट डिसेंबरपर्यंत गेली होती. वर लिहिलं होतं ‘शोक’. मी गप्प बसलो. माझा करार जूनमध्ये संपत होता.

चित्रणाच्या दिवशी गिस्लेन स्वतःच प्रेत म्हणून आली. तिच्या करारात एक दिवस शिल्लक होता आणि बर्त्रांला तो फुकट घालवायचा नव्हता. बुडालेल्या माणसाच्या रंगभूषेला दोन तास लागतात, तेवढा वेळ नव्हता. म्हणून ठरलं, चेहरा दाखवायचाच नाही. चादर नादीनच्या बाजूनं उचलायची आणि कॅमेरा फक्त नादीनवर ठेवायचा. अशा रीतीनं गिस्लेन आपल्या घरच्या, नुसत्या चेहऱ्यानं, लोखंडी टेबलावर आडवी झाली. थंडी वाजू नये म्हणून जोसेतनं तिच्या पायात लोकरीचे मोजे चढवले. चादरीखाली जाताना तिनं माझ्याकडे बघून डोळा मिचकावला.

दिग्दर्शिका नवी होती. तिनं सगळ्यांना शांत राहायला सांगितलं. रेजीन आली. तिच्या येण्यात काही खोट नव्हती. पाय किंचित ओढत, पर्स दोन्ही हातांनी धरून, जसं माणूस अशा ठिकाणी येतं तसं. पोलिसाचं काम करणाऱ्यानं चादर उचलली.

रेजीननं खाली पाहिलं. कॅमेरा तिच्यावर होता, त्यामुळे गिस्लेनचे डोळे उघडे आहेत हे फक्त तिला दिसत होतं. आणि बाजूला उभा असल्यामुळे मला. दहा सेकंद गेले. पंधरा. दिग्दर्शिकेला वाटलं, काय अभिनय आहे. मला वाटलं, जमलं.

“हो,” रेजीन म्हणाली. “ही माझी बहीण.”

मग तिनं हात पुढं केला, गिस्लेनच्या पापण्या बोटांनी हळूच मिटल्या आणि म्हणाली, “मी हिला ओळखणार नाही तर कोण ओळखणार?”

हे दुसरं वाक्य मी लिहिलेलं नव्हतं.

गिस्लेन हलली असती, खोकली असती, नुसती शिंकली असती तरी ते चित्रण वाया गेलं असतं. मी तिच्या छातीवरच्या चादरीकडे बघत होतो. चादर हलत नव्हती. छत्तीस वर्षं धंद्यात काढलेली बाई होती. दुसऱ्याचं चित्रण चालू असताना प्रेतानं श्वास घ्यायचा नसतो, हे तिच्या हाडांत होतं. दिग्दर्शिका ‘कट’ म्हणाली आणि सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. दुसऱ्यांदा घ्यायची गरजच नव्हती. सुतार भट्टी घेऊन आत आले.

मागच्या बोळात, कचऱ्याच्या डब्यांपाशी, त्या दोघी समोरासमोर आल्या. गिस्लेनच्या पायात अजून मोजेच होते. मी मध्ये पडलो नाही.

 आधी रेजीनच बोलली.

“मी छप्पन्नची आहे, गिस्लेन. हरवलेल्या बहिणीची वाट बघायला मला दोन प्रसंग मिळाले असते. खिडकीतून बघते, आणि पुन्हा खिडकीतून बघते. मेलेल्या बहिणीचे आठ महिने मिळतात.”

“मला सांगायचंस.”

“सांगून?”

“मी दिलं असतं.”

“तेच,” रेजीन म्हणाली. “तू दिलं असतंस. आणि मग मरेपर्यंत ऐकवलं असतंस. खोटं मूत्रपिंड दिलंस, चौदा वर्षं झाली, अजून जेवताना मीठ घेतलं की माझ्याकडे बघतेस.”

गिस्लेननं वाकून घसरलेला मोजा वर ओढला.  मग ती म्हणाली, “बारमध्ये माझा हात धरलास तेव्हा ठरलेलं होतं?”

“हात धरला तेव्हा नव्हतं.”

“मग कधी ठरलं?”

रेजीननं खांदे उडवले. “तू डोळे उघडे ठेवलेस ना, तेव्हा. किती खात्री होती गं तुझ्या डोळ्यांत.”

निरोपसमारंभ शुक्रवारी झाला. प्लॅस्टिकच्या ग्लासांत पास्तिस ही बडीशेपेची दारू, कागदी ताटल्यांत ऑलिव्ह, आणि बर्त्रांचं भाषण. भाषणात तो तीनदा ‘कुटुंब’ म्हणाला. लिफाफ्यातल्या पैशांतून घेतलेली प्रवासी बॅग तिला दिली. कार्ड दिलं. ते तिनं मोठ्यानं वाचून दाखवलं, एकेक ओळ, एकेक नाव, स्वतःचीही. “खूप केलंस, तुझी गि,” इथं बर्त्रां भारावून म्हणाला, किती छान लिहिलंय, कुणी लिहिलं. हिरव्या शाईची ओळ तिनं वगळली. रेजीन त्या दिवशी आली नव्हती. तिला पाठदुखी होती.

त्यानंतर त्या दोघी बोलल्याचं मला माहीत नाही. गिस्लेन नीम शहरात राहायला गेली. तिथं नाटकाचे वर्ग घेते, आणि अधूनमधून परदेशी मालिकांतल्या आज्यांना आवाज देते. रेजीनच्या वाढदिवसाला दर वर्षी तिच्याकडून फुलं यायची ती बंद झाली, असं जोसेत म्हणाली. मासेवालीनं रेजीनला सरळ सांगितलं, तुमच्यासारख्या बहिणीला मी एक तारलीसुद्धा विकणार नाही. कारण स्टुडिओतली कुठलीही गोष्ट संध्याकाळपर्यंत बाजारात पोचायची, भाग प्रसारित व्हायच्या कितीतरी आधी.

भाग मे महिन्यात दाखवला. मी घरी बसून पाहिला. वादळ झालं, दोर सुटला, सोलांज पाण्यात पडली, जाहिराती लागल्या, आणि जाहिरातींनंतर थेट बेकरी. मी दुसऱ्या दिवशी संकलकाला विचारलं. तो म्हणाला, भाग पन्नास सेकंदांनी लांबत होता, म्हणून मॉर्ग काढून टाकलं.